जुन्या रिळांचं फुटेज माहितीपटाला द्यायचंय : हक्क, दर, स्कॅनिंग, कागदपत्रं

रीळवाला

नमस्कार. विषय जरा कोपऱ्यातला आहे, पण इथे संकलक, वकील, संग्राहक सगळेच वावरतात म्हणून धागा काढतोय.

माझे थोरले काका हौशी कॅमेरावाले. त्यांच्या मागे राहिलेल्या पेट्यांत ८ मिमी आणि १६ मिमीची रिळं, थोडी सुपर-८, आणि नंतरच्या काळातल्या यू-मॅटिक व हाय-८ टेप आहेत. घरगुती चित्रण तर आहेच, पण गिरणीचा संप, मोर्चे, पूर, एका धरणाचं बांधकाम असंही त्यांनी बरंच टिपलंय. काही लग्नं पैसे घेऊन केलेली. दोन-तीन डब्यांवर एका बातमीसंस्थेचं लेबल आहे. ते त्यांच्याकडे कसे आले हे आता सांगायला कुणी नाही.

एका माहितीपट करणाऱ्या बाईंना हे कुठूनतरी कळलं. संपाचं तीन-चार मिनिटांचं चित्रण हवंय म्हणाल्या. सोबत एक पानी पत्र पाठवलंय, त्यात 'सर्व माध्यमं, सर्व जग, कायमस्वरूपी' असं काहीतरी आहे, आणि मोबदल्याच्या जागी 'श्रेयनामावलीत उल्लेख'. बाई प्रामाणिक वाटतात, विषयही चांगला आहे. पण सही करू का? पैसे मागणं बरं दिसतं का? आणि मुळात हे द्यायचा हक्क मला आहे का? फाइल या आठवड्यात हवी आहे त्यांना.

अडगळ

रुमाल टाकून ठेवतोय. माझ्याही माळ्यावर असाच ऐवज आहे. जाणकारांनी सविस्तर लिहावं ही विनंती.

मधुमालती

माहितीपटांसाठी फुटेज शोधून आणणं हेच माझं काम, म्हणजे मी मागणाऱ्यांच्या बाजूची. तरी सांगते, या आठवड्यात काहीही पाठवू नका. निदान मास्टर, म्हणजे पूर्ण दर्जाची फाइल, तरी नकोच.

रीत अशी असते. आधी कमी दर्जाची, पाहण्यापुरती प्रत द्यायची. तिला आम्ही स्क्रीनर म्हणतो. तिच्यावर तुमचा वॉटरमार्क हवा आणि चित्रावरच छापलेला टाइमकोड, म्हणजे प्रत्येक फ्रेमचा वेळ-क्रमांक, हवा. संकलक त्या प्रतीवर महिनोन्महिने काम करतो, करू दे. फिल्म 'लॉक' झाली, म्हणजे संकलन पक्कं झालं, की कुठल्या टाइमकोडपासून कुठल्यापर्यंत वापरलं याची यादी तुमच्याकडे येते. त्या यादीवर परवाना ठरतो, पैसे येतात, आणि मग मास्टर जातो. हा क्रम उलटा केलात की तुमच्या हातात काही उरत नाही. बाई कितीही भल्या असल्या तरी त्यांची हार्डडिस्क पुढे कुणाच्या हातात जाईल ते त्यांनाही ठाऊक नसतं.

आज मागितलेल्या तीन-चार मिनिटांतून शेवटी काही सेकंदच फिल्ममध्ये राहतात, हे धरून चाला. म्हणून पैसे वापरलेल्या सेकंदांचे लावायचे. सोबत एक किमान रक्कम ठेवायची, 'तीस सेकंदांपेक्षा कमी वापरलं तरी तीस सेकंदांचे पैसे' अशा धाटणीची. स्कॅनिंगचा खर्च वेगळा, आणि तो मात्र आधी घ्यायचा; फुटेज फिल्ममध्ये राहो न राहो, रीळ तर स्कॅन झालेलं असतंच.

पैसे मागणं बरं दिसतं का, म्हणता? कॅमेरामन, संकलक, ध्वनीवाला या सगळ्यांचे पैसे त्यांच्या अंदाजपत्रकात आहेत. फुटेजसाठीही रकाना असतो. तो रिकामा आहे की भरलेला, एवढं सरळ विचारा.

उचापती

मला हे सगळं फार बाजारू वाटतंय. काकांनी संप टिपला तो काय सेकंदावर विकायला? यूट्यूबवर टाका, खुला परवाना द्या, ज्याला हवं त्याने वापरावं. तुमच्या पेटीत पडून कुणाचं भलं होणार आहे?

मधुमालती

उचापती, खुलं ठेवणं आणि परवाना विकणं यात वैर आहे असं तुम्ही गृहीत धरताय. ब्रिटिश पाथे या जुन्या बातमीपटांच्या संग्रहाने २०१४ साली आपल्या ८५ हजार बातमीपट-फिती यूट्यूबवर टाकल्या. कुणीही बघा, शिकवायला वापरा. फिल्ममध्ये वापरायचं असेल तर मात्र परवाना आणि चांगली प्रत त्यांच्याकडूनच घ्यावी लागते. अमेरिकेतल्या रिक प्रेलिंजर यांनी तर आणखी पुढचं पाऊल टाकलं. औद्योगिक फिल्म, जाहिराती, शाळेत दाखवायच्या फिल्म असा इतरांनी फेकून दिलेला माल त्यांनी १९८० च्या दशकापासून जमवला, हजारो फिल्म इंटरनेट अर्काइव्हवर उतरवून घ्यायला मोकळ्या ठेवल्या, आणि तरीही त्यांची विक्री चालूच राहिली. कारण वाहिन्यांना फाइलपेक्षा सहीचा कागद हवा असतो. प्रसारणाआधी निर्मात्याला ई अँड ओ (एरर्स अँड ओमिशन्स, म्हणजे हक्कभंगासारख्या चुकांच्या दाव्यांचा) विमा काढावा लागतो, आणि प्रत्येक तुकडा कुठून आला, कुणाच्या परवानगीने आला हे विमावाला विचारतो. 'यूट्यूबवर मिळालं' हे उत्तर तिथे चालत नाही.

तेव्हा रीळवाला, तुम्ही विकताय तो कागद. चित्र त्याच्यासोबत येतं.

वकिली_चष्मा

कागदाचा विषय निघालाच आहे तर उडी घेतो. (हा कायदेशीर सल्ला नव्हे, फी मिळालेली नाही.)

रिळाची मालकी आणि रिळावरच्या चित्रणाचा कॉपीराइट या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. केनेडी हत्येची झप्रूडर फिल्म घ्या. तीही ८ मिमी, हौशी माणसाने घेतलेली, जेमतेम २६ सेकंदांची. १९६३ साली 'लाइफ' मासिकाने तिचे हक्क दीड लाख डॉलरना घेतले, १९७५ मध्ये एक डॉलर घेऊन कुटुंबाला परत केले. पुढे अमेरिकी सरकारने मूळ फिल्म ताब्यात घेतली, आणि १९९९ मध्ये लवादाने तिच्यासाठी कुटुंबाला एक कोटी साठ लाख डॉलर द्यायला लावले. एवढी रक्कम मोजून सरकारला मिळाली ती फक्त वस्तू. कॉपीराइट कुटुंबाकडेच राहिला, आणि त्यांनी तो त्याच वर्षाअखेरीस डॅलसच्या एका संग्रहालयाला देऊन टाकला.

आता तुमच्या पेट्या. काकांनी स्वतःच्या हौसेने, स्वतःच्या खर्चाने टिपलेलं असेल तर हक्क त्यांचा, आणि त्यांच्या पश्चात वारसांचा. *सगळ्या* वारसांचा. पेटी तुमच्या माळ्यावर आहे म्हणून तुम्ही एकटे मालक होत नाही. चुलत भावंडं असतील तर त्यांची लेखी संमती घ्या, फिल्म गाजण्याच्या आधीच घ्या.

पैसे घेऊन केलेल्या लग्नांची गोष्ट वेगळी. भारतीय कायद्यात मोबदला देऊन फिल्म करवून घेतली असेल, तर वेगळा करार नसल्यास पहिला हक्क करवून घेणाऱ्याचा. इतर देशांत नियम वेगळे. म्हणजे ती लग्नं बाजूला ठेवा.

बातमीसंस्थेचं लेबल असलेले डबे तर बिलकुल देऊ नका. आधी संस्थेचा वारस कोण ते शोधा. या धंद्यात संग्रह सतत विकले जातात, विलीन होतात. बंद पडलेल्या संस्थेचा हक्क सहसा तिच्यासोबत मरत नाही, तो कुठल्यातरी खरेदीदाराच्या खतावणीत जिवंत असतो.

तिसरी_घंटा

पण जुनं झालं की कॉपीराइट संपतोच ना? साठ वर्षं झाली की मोकळं, असं ऐकलंय.

वकिली_चष्मा

भारतात सिनेमाच्या फितीला साठ वर्षं, बरोबर, पण ती मोजायची प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून. चित्रीकरणापासून नव्हे. पेटीत पडून राहिलेलं, कधीच प्रकाशित न झालेलं रीळ या हिशेबात सरळ बसत नाही. अमेरिकेत गणित आणखी निराळं: तिथे १९२९ पर्यंत प्रकाशित झालेलं मुक्त झालेलं आहे, आणि ही सीमा दरवर्षी एकेक वर्ष पुढे सरकते. तिथल्या केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांनी कामाचा भाग म्हणून केलेल्या फिल्मवर कॉपीराइटच नसतो, म्हणून नासाची दृश्यं माहितीपटांत इतकी दिसतात. पण त्यांच्या राष्ट्रीय अभिलेखागारात ठेवलेली *प्रत्येक* फिल्म सरकारी नसते, हे लोक विसरतात. तिथे खासगी देणग्याही पडून आहेत.

आणि चित्रातला आवाज विसरू नका. मोर्चाच्या मागे भोंग्यावर एखादं सिनेमाचं गाणं वाजत असेल तर चित्राचा हक्क तुमचा, गाण्याचा नाही. तुमच्या परवान्यात स्पष्ट लिहा की तुम्ही फक्त दृश्याचे हक्क देताय. संगीत, दिसणाऱ्या व्यक्ती, भिंतीवरची चित्रं यांच्या परवानग्या निर्मात्याने काढायच्या.

त्यांच्या पत्रात हमीचं कलम असणार. 'हे चित्रण कोणाच्याही हक्काचा भंग करत नाही' अशी सरसकट हमी देऊ नका. 'माझ्या माहितीप्रमाणे' हे दोन शब्द घाला, आणि नुकसानभरपाईची मर्यादा तुम्हाला मिळालेल्या रकमेइतकीच ठेवा. त्यांना ते मान्य नसेल तर का नाही ते विचारा.

उचापती

म्हणजे निर्मात्याने परवानगीच घेतली नाही, समीक्षेसाठी किंवा संदर्भासाठी तुकडा वापरला, तर?

वकिली_चष्मा

तर काही वेळा ते कायदेशीर असू शकतं. २००५ साली अमेरिकी माहितीपटकारांनी 'फेअर यूज' (विनापरवानगी पण रास्त वापर) कुठवर ताणावा याची आचारसंहिता लिहून काढली, आणि त्यानंतर विमा कंपन्या असे दावे पत्करू लागल्या. पण त्याचा उपयोग आधीच बाहेर आलेल्या चित्रणाला. तुमच्या माळ्यावरचं रीळ स्कॅन करून हवं असेल तर तुमच्या दारात यावंच लागतं. तुमची ताकद तिथे आहे.

मधुमालती

मुदतीबद्दल माझं मत इथल्या बऱ्याच जणांच्या उलट पडेल. नवे पुरवठादार शहाणपणा म्हणून पाचच वर्षांचा परवाना देतात, 'पुन्हा पैसे मिळतील' या आशेवर. माहितीपटाच्या बाबतीत मला ते पटत नाही. अमेरिकी नागरी हक्क चळवळीवरची 'आइज ऑन द प्राइझ' ही चौदा भागांची मालिका १९८७ आणि १९९० साली आली. निर्मात्यांकडे पैसे बेताचे, म्हणून फुटेज, छायाचित्रं, गाणी सगळं ठरावीक मुदतीसाठी घेतलं. १९९० च्या दशकात मुदती संपल्या आणि मालिका दाखवणंच बेकायदा ठरलं. शाळांतल्या झिजलेल्या टेपवर ती कशीबशी जगली. मोठ्या देणग्या उभ्या करून हक्क नव्याने घ्यावे लागले, तेव्हा कुठे २००६ मध्ये ती पुन्हा दूरदर्शन संचावर दिसली.

मुदत संपल्यावर स्वतंत्र निर्माती परत येत नाही. तिच्याकडे पैसे नसतात, फिल्म मरते आणि तुमचं चित्रणही तिच्यासोबत. त्यापेक्षा कायमस्वरूपी द्या, पण *फक्त याच फिल्मसाठी*, अनन्य हक्क न देता (म्हणजे इतरांनाही देता येईल असं), आणि माध्यमं टप्प्याटप्प्याने. आज महोत्सव आणि शैक्षणिक प्रदर्शन कमी दरात. प्रसारण किंवा स्ट्रीमिंग झालं तर पुढचा दर, आजच करारात आकड्यासकट लिहिलेला. त्यामुळे त्यांना विक्रीच्या वेळी अंदाजपत्रक मांडता येतं आणि तुम्हाला कुणी ऐनवेळी कोंडीत पकडत नाही.

आणखी एक कलम मागून घ्या. आम्ही त्याला 'मोस्ट फेवर्ड नेशन' म्हणतो. याच फिल्मला फुटेज देणाऱ्या दुसऱ्या कुणाला जास्त दर मिळाला, तर तुम्हालाही तोच. लहान पुरवठादाराला बाजारभाव माहीत नसतो, तेव्हा हे फार उपयोगी पडतं.

अडगळ

हे पहिल्यांदाच ऐकलं. वाचनखूण साठवली.

नीरक्षीर

कायदा झाला, पैसे झाले. आता मला भांडायचंय ते मजकुरावरून. 'गिरणीचा संप' म्हणजे *कुठला* संप? कुठल्या फाटकापाशी, कुठल्या वर्षी? रीळवाला, हे तुम्हाला माहीत आहे की डब्यावर लिहिलंय म्हणून म्हणताय?

विचारण्याचं कारण असं की माहितीपटांचा इतिहास चुकीच्या लेबलांनी भरलेला आहे. १९२८ साली आलेल्या, रशियन दिग्दर्शक आयझेनस्टाइनच्या 'ऑक्टोबर' मधलं हिवाळी राजवाड्यावरच्या चढाईचं दृश्य हे नटवलेलं, क्रांतीच्या दहाव्या वर्षानिमित्त केलेल्या फिल्ममधलं. नंतर कित्येक ठिकाणी ते १९१७ चं खरं चित्रण म्हणून वापरलं गेलं. पहिल्या महायुद्धातल्या, १९१६ च्या सॉमच्या लढाईवरच्या फिल्ममध्ये खंदकातून वर चढणाऱ्या सैनिकांचा जो प्रसिद्ध तुकडा आहे, तो आघाडीच्या मागे मुद्दाम घडवून टिपला असं अभ्यासक मानतात. बाकीची बरीच फिल्म मात्र अस्सल. १८९८ च्या स्पॅनिश-अमेरिकन युद्धातली एक सागरी लढाई तर टेबलावरच्या पाण्यात कागदी जहाजं तरंगवून केली होती. ज्याने पहिलं लेबल लावलं त्याने खरं लिहिलं नाही, आणि नंतरच्या प्रत्येकाने ते उतरवून घेतलं.

तुमच्याकडचं पुराचं चित्रण उद्या कुणीतरी दुसऱ्याच पुराच्या गोष्टीत वापरेल, कारण पाणी सगळीकडे पाण्यासारखंच दिसतं. म्हणून परवान्यात लिहा की हे दृश्य ज्या घटनेचं आहे त्याच घटनेच्या संदर्भात वापरायचं. आणि आधी ती घटना कुठली ते पक्कं करा.

रीळवाला

डब्यावर फक्त 'संप – २' असं लिहिलंय. काकांच्या वह्या आहेत, पण त्यांत मुख्यतः एक्स्पोजर आणि खर्च.

नीरक्षीर

खर्च! सोनं आहे ते. रीळ कधी घेतलं, कधी धुवायला पाठवलं हे त्यात असेल. तारीख लिहिलेली नसली तरी काळाची चौकट मिळते. कोडॅकच्या जुन्या फिल्मवर काठाला वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा असतात. त्यावरून फिल्म कुठल्या वर्षी *बनली* ते कळतं, टिपली कधी ते नाही, आणि त्या खुणा वीस वर्षांनी पुन्हा फिरून येतात. तेव्हा दोन शक्यता समोर येतील, त्यांतली एक वहीवरून बाद करा. मग चित्रात बघा. बसचा नंबर, सिनेमाचं पोस्टर, फलकावरच्या घोषणा, निवडणुकीची चिन्हं. पोस्टर सगळ्यांत भरवशाचं, कारण सिनेमा कधी लागला ते वर्तमानपत्रात सापडतं.

प्रत्येक तुकड्यासाठी एक ओळ लिहा: काय दिसतं, कुठे, कधी, हे कशावरून कळलं, किती खात्री. शेवटचे दोन रकाने कुणीच भरत नाही, आणि मी फुटेज बघताना आधी तेच शोधतो. 'जागा अंदाजे, फाटकाच्या कमानीवरून' असं प्रामाणिकपणे लिहिलेलं असेल तर मी त्या संग्रहावर विश्वास ठेवतो. सगळंच ठाम लिहिलं असेल तर माझी खात्री उडते.

अवांतर : घरगुती चित्रणाला कमी लेखू नका. सोव्हिएत दिग्दर्शिका एस्फिर शूब यांनी १९२७ साली रोमानोव्ह राजघराण्याच्या पाडावावर फिल्म केली, ती जवळजवळ सगळी जुन्या बातमीपटांतून आणि झारच्या दरबारी कॅमेरावाल्यांनी टिपलेल्या खासगी फितींमधून. जुन्या फुटेजमधून नवी फिल्म उभी करण्याचा हा पहिला मोठा प्रयोग मानतात. आपल्याकडे ए. के. चेट्टियार यांनी गांधीजींचं चित्रण गोळा करत देशोदेशी हिंडून १९४० साली माहितीपट केला, तोही मुख्यतः इतरांनी टिपलेल्या तुकड्यांवर उभा होता.

कातरकाम

संकलक बोलतोय. वर सगळे हक्कांवर भांडतायत, आणि आमच्याकडे येतं काय? भिंतीवर प्रोजेक्टर लावून मोबाइलने टिपलेलं चित्रण. वर कुणीतरी सतारीचा तुकडा चिकटवलेला. आणि १६:९ करायला माणसांची डोकी कापलेली.

हात जोडून विनंती, खालचं वाचा.

जुनी फिल्म ४:३ असते, तशीच ठेवा. स्कॅन करताना फ्रेमच्या थोडं बाहेरपर्यंत घ्या, छिद्रांचा काठ दिसला तरी चालेल. वर नीरक्षीर म्हणाले त्या काठावरच्या खुणाही मग फाइलमध्ये येतात.

वेग. साधं ८ मिमी बहुधा सेकंदाला १६ फ्रेम, सुपर-८ बहुधा १८, आवाजाची फिल्म २४. टीव्हीचा वेग २५ किंवा २९.९७. अनेक स्कॅनिंगवाले 'तयार' फाइल देतात म्हणजे मधल्या फ्रेम दोनदा टाकून किंवा एकमेकींत मिसळून वेग जुळवतात. चालणारा माणूस मग भुतासारखा दिसतो, आणि ते परत सोडवता येत नाही. तुम्ही मागा फिल्मची एक फ्रेम म्हणजे फाइलची एक फ्रेम. वेग आम्ही बसवू. मूकपटाच्या जमान्यातली माणसं तुरुतुरु पळतात ती हळू टिपलेली फिल्म २४ ने चालवल्यामुळे, तेव्हाचे लोक घाईत होते म्हणून नव्हे.

टेपची भानगड वेगळी. तिथे चित्र एकाआड एक ओळींत असतं, इंटरलेस्ड. ते तसंच द्या. घरगुती सॉफ्टवेअरने 'सुधारून' दिलंत तर अर्धं चित्र कायमचं गेलं.

मास्टर प्रोरेस ४२२ एचक्यू या फाइल-प्रकारात चालेल, पैसे असतील तर डीपीएक्स (प्रत्येक फ्रेमची वेगळी फाइल). फाइलचं नाव एकदा ठेवलं की बदलू नका! स्क्रीनरचं आणि मास्टरचं नाव एक, टाइमकोड एक. नाहीतर रात्री दोन वाजता मी 'संप_अंतिम_नवीन_२' आणि 'संप_खरंच_अंतिम' यांत डोळे फोडत बसतो. मागितलेल्या तुकड्याच्या पुढेमागे थोडी शेपटी ठेवा, डिझॉल्व्ह (एक दृश्य दुसऱ्यात विरघळवणं) करायला लागते. फाइलसोबत एमडी-५ चेकसम पाठवा, म्हणजे वाटेत काही तुटलं का ते कळतं.

तिसरी_घंटा

हल्ली एआयने जुनं चित्रण फोर-के करता येतं, रंगही भरता येतात. मग देतानाच तसं करून दिलं तर जास्त पैसे नाही मिळणार?

कातरकाम

मिळणार नाहीत. मी परत पाठवीन. त्या यंत्राला चेहरा दिसत नाही तिथे ते चेहरा *कल्पतं*. संपात मागे उभा असलेला माणूस खरा होता, त्याच्या जागी कुणीच नसलेला माणूस येतो.

मधुमालती

फुटेज शोधणाऱ्या आणि त्याचे हक्क मिळवणाऱ्या निर्मात्यांच्या आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्सने २०२४ मध्ये जनरेटिव्ह एआयबद्दल मार्गदर्शक तत्त्वं काढली. मुद्दा साधा : अस्सल चित्रण आणि बनवलेलं चित्रण प्रेक्षकाला वेगळं कळलं पाहिजे. रंग भरायचे तर निर्मात्याने ठरवावं, जाहीर करावं. पुरवठादाराने मूळच द्यावं.

आणि रीळवाला, करारात एक ओळ वाढवा : हे चित्रण कुठलंही एआय मॉडेल शिकवायला वापरायचं नाही, तिसऱ्याला द्यायचं नाही. 'सर्व माध्यमं' या शब्दांत पुढे काय काय घुसवतील याचा भरवसा नाही.

शीतपेटी

उशिरा येतोय. फिल्म जतन करण्याच्या क्षेत्रात काम करतो. इथे सगळे स्कॅनवर पोचले, रिळांची प्रकृती कुणी विचारलीच नाही.

डबा उघडल्यावर आंबट, व्हिनेगरसारखा वास येतोय का? येत असेल तर ॲसिटेट, म्हणजे फिल्मची प्लास्टिकची पट्टी, कुजायला लागलंय. ते थांबत नाही, फक्त मंदावतं, थंड आणि कोरड्या जागेत. वासाचा डबा बाकीच्यांपासून वेगळा काढा आणि तो आधी स्कॅन करा. रीळ आकसलं, कडा वळल्या की साधारण यंत्रातून जातच नाही, आणि प्रोजेक्टरवर तर चालवूच नका. एक दिलासा : ८ आणि १६ मिमी नायट्रेटवर, म्हणजे पूर्वीच्या ज्वालाग्राही फिल्मवर, येत नसत. ज्या आगींच्या कथा ऐकतो त्या ३५ मिमी नायट्रेटच्या. १९३७ मध्ये न्यू जर्सीत फॉक्सचं कोठार जळालं, आणि १९७८ मध्ये एकाच वर्षी अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागाराचं आणि रॉचेस्टरच्या ईस्टमन हाउसचं नायट्रेट जळालं. बातमीसंस्थेचे ते डबे ३५ मिमी असतील आणि १९५० च्या आसपासचे किंवा त्याआधीचे असतील, तर मात्र घरात ठेवू नका, तज्ज्ञाला दाखवा.

पण माझा अग्रक्रम तुमच्यापेक्षा वेगळा आहे. आधी टेप, मग रिळं. फिल्म चांगल्या जागी ठेवली तर आणखी काही दशकं काढेल. यू-मॅटिक वाजवणारी यंत्रं संपत चाललीत, त्यांचे सुटे भाग संपलेत, आणि ती दुरुस्त करणारी माणसं म्हातारी झालीत. ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय चित्रपट व ध्वनी संग्रहाने २०१५ मध्येच 'डेडलाइन २०२५' असा इशारा दिला होता : त्या सालापर्यंत जी टेप डिजिटल झाली नाही तिचं काही खरं नाही. आणि कुठलीही टेप 'कोरी असेल' म्हणून पुन्हा वापरू नका. चंद्रावर माणूस उतरला त्या थेट प्रक्षेपणाच्या मूळ टेप पुसून पुन्हा वापरल्या गेल्या असाव्यात, हे २००९ मध्ये खुद्द नासाला कबूल करावं लागलं.

स्कॅन झाल्यावर मूळ रीळ फेकू नका. ऐकायला वेडगळ वाटतं, पण लोक फेकतात.

अडगळ

डबे उघडले. दोन आंबट आहेत. :(

शीतपेटी

झाकण सैल ठेवा, हवा खेळू द्या. व्यक्तिगत निरोप करतो.

नीरक्षीर

एक राहिलं. मोर्चात लाठीमार असेल, कुणी पडलेलं दिसत असेल, रडणारी मुलं असतील. कायद्याने रस्त्यावरच्या चित्रणाला परवानगी लागणार नाही कदाचित. पण ती माणसं किंवा त्यांची मुलंबाळं आज हयात असतील. संग्रह कुणाला काय दाखवतो हे शेवटी संग्रहवालाच ठरवतो. एखादा तुकडा 'फक्त विचारून' असा वेगळा ठेवायला हरकत नाही.

उचापती

हे पटलं. खुलं ठेवा असं मी म्हणालो तेव्हा असं काही डोक्यात नव्हतं, संपाच्या झेंड्यांपलीकडे विचारच केला नाही. पण मग विचारून म्हणजे कुणाला विचारून? रीळवालांनाच ना? तेही परकेच की त्या माणसाला.

नीरक्षीर

परकेच. पण पत्ता असलेले परके. युनियनचं कार्यालय, त्या भागातले जुने कामगार यांना तो तुकडा दाखवून विचारता येतं. नावं कळण्याचीही तीच शक्यता.

रीळवाला

सगळ्यांचे आभार, एवढं येईल असं वाटलं नव्हतं. बाईंशी बोललो. स्क्रीनरवर काम करायला त्यांची काहीच ना नाही. पत्राचा मसुदा त्यांना कुणीतरी दिलेला होता, त्यांनी तो वाचलाही नव्हता. महोत्सवांपुरता दर आणि पुढचा चढता दर दोन्ही लिहून घ्यायला तयार आहेत. चुलत बहिणीने होकार कळवला, चुलत भाऊ विचार करतोय (म्हणजे रक्कम विचारतोय). लग्नं आणि लेबलवाले डबे वेगळे काढले. ते डबे १६ मिमीच आहेत, शीतपेटी.

आणि नीरक्षीर, 'संप – २' मध्ये एका भिंतीवर सिनेमाचं पोस्टर निघालं. अर्धंच आहे, नायिकेचा चेहरा आणि नावाची शेवटची दोन अक्षरं. वाचनालयातले जुने अंक काढायला सांगितलेत.

एक तांत्रिक शंका : सुपर-८ च्या काही रिळांच्या काठाला तपकिरी पट्टी आहे. तो आवाज का? स्कॅनवाला म्हणतो त्याच्याकडे फक्त चित्राची सोय आहे.

कातरकाम

हो, चुंबकीय ध्वनिपट्टी. मग तो स्कॅनवाला बदला, किंवा चित्र त्याच्याकडे आणि आवाज दुसरीकडे करून घ्या. सुपर-८ वर आवाज चित्राच्या १८ फ्रेम पुढे असतो. म्हणून दोन्ही वेगळं झालं तर स्कॅनवाल्याने सरकवून दिलंय की नाही हे लिहून घ्या, नाहीतर घोषणा देणाऱ्याचे ओठ उघडण्याआधीच घोषणा ऐकू येईल आणि मी तुम्हाला शिव्या देईन. पट्टी सुटत असेल तर ओढू नका.

शीतपेटी

+१. आणि त्या पट्टीची रिळं आधी हुंगा. लोहाच्या थरामुळे ॲसिटेट लवकर कुजतं, आंबट व्हायची पहिली पाळी त्यांचीच.